बोराट्यांचा चौक

३ ऑगस्ट, रविवार

खंडेराव सापडले.

खंडेराव म्हणजे ह्यांचे आजोबा. मी या घरात यायच्या आधीच गेलेले. पण दिल्लीतला तो मोठा गोल चौक खंडेराव बोराट्यांनी बांधला हे मला लग्नाआधीपासून माहीत. हे मला बघायला आले तेव्हा पोह्यांचा पहिला घास गिळून पहिलं वाक्य तेच बोलले. माझ्या वडिलांनी पुढे काही विचारलंच नाही. नोकरी कायम आहे का हेसुद्धा नाही.

आज नात आली होती. अपूर्वा. इथे गुरुग्रामला बापाचा, म्हणजे माझ्या श्यामकांतचा, चौदाव्या मजल्यावर फ्लॅट असताना ही तिकडे दिल्लीत मुनिरक्याला काडेपेटीएवढ्या खोलीत राहते आणि जुन्या मुक्या सिनेमांचा अभ्यास करते. बोलणारे सिनेमे संपले असावेत.

मोबाइल माझ्या नाकापुढे धरून म्हणाली, आजी, हे बघ तुझा चौक. शंभरेक वर्षांपूर्वी कुणा गोऱ्या साहेबाने बांधकाम चालू असताना तिथे कॅमेरा लावला होता, ती फिल्म आता बाहेर आली.

बघितलं. आवाज नाही. मी म्हटलं, तुझा मोबाइल बिघडलाय. ती म्हणाली, तेव्हाच्या फिल्मला आवाज नसायचाच. मग माणसं अशी काय पळतायत, तर म्हणे कॅमेरा हाताने फिरवायचे म्हणून तसं दिसतं. काहीतरीच. तेव्हाची माणसं चपळ होती, एवढं सरळ आहे.

आणि मग ते दिसले. मधोमध. धोतर, कोट, फेटा. उजवा हात वर, बोट समोर. पुढून डोक्यावर टोपल्या घेतलेल्या बायका चालल्यात, मागे दगडांचे ढीग. हुकूम सोडत होते. मी जागच्या जागी ओळखलं. फेट्याचा शेमला डाव्या खांद्यावर. बोराट्यांचा शेमला डावीकडेच असतो. ह्यांचा लग्नातला फोटो आहे, काढून दाखवला.

अपूर्वा म्हणाली, नक्की का आजी? मी म्हटलं, नवरा माझा होता का तुझा?

ती म्हणाली, बरं, पुढचं पण बघ ना. मी म्हटलं, माझा माणूस दिसला, आता पुढे काय बघायचं. पोळ्या गार होतायत.

निश्चय: हे कुणाला सांगत सुटायचं नाही. मोठ्या घराण्याला बढाई शोभत नाही.

४ ऑगस्ट, सोमवार

समोरच्या फ्लॅटमधल्या भानुमतीला सांगितलं. तिने विचारलं म्हणून. आंटीजी, कैसी हैं, म्हणाली. त्यावर दुसरं काय सांगणार.

मग लिफ्टमध्ये दोघांना. खाली गार्डला. भाजीवाल्याला थोडक्यात.

दुपारी चंद्रप्रभाला फोन लावला. माझी धाकटी जाऊ. द्वारकेला असते, दिराच्या माघारी एकटी. सगळं सविस्तर सांगितलं. ती म्हणाली, अच्छा. मग म्हणाली, वहिनी, पूर्ण फिल्म बघितली का तुम्ही?

जळली. साहजिक आहे. खंडेराव तिचेही आजेसासरे, पण ओळखले मी.

९ ऑगस्ट, शनिवार

नारळी पौर्णिमा. नारळीभात केला. वृंदाने साखर कमी घातली. सून म्हणून चांगली आहे, पण हिच्या हाताला गोडाची भीती आहे.

जेवताना श्यामकांतने पुन्हा पुण्याचं काढलं. सप्टेंबरअखेर रिटायर होतोय, मग पुण्याला जाऊन राहू म्हणतो. म्हणतो तो, पण बोलते वृंदा. तिचं माहेर तिकडं.

मी स्पष्ट सांगितलं, ज्या गावात बोराट्यांनी चौक बांधला ते गाव बोराटे सोडत नाहीत. तो म्हणाला, आई, आपण गुरुग्रामला राहतो, हे हरियाणात येतं. मी म्हटलं, अक्कल शिकवू नको, भात घे.

तो म्हणाला, आई, जरा शांतपणे बोलायचंय. मी म्हटलं, मी शांतच आहे, विषय संपला. संपला.

जायचं नाहीच आहे मला. दिल्लीत आले तेव्हा मला हिंदीत पाणीसुद्धा मागता येत नव्हतं. आता भाजीवाला मला घाबरतो. साठ वर्षं लागतात त्याला. पुण्यात मी कोण? श्यामकांतची आई. कोपऱ्यात बसवतील आणि औषधाची वेळ झाली की हाक मारतील. इथं मी चौकवाल्या बोराट्यांची सून आहे.

१६ ऑगस्ट, शनिवार

घरी फिल्मवाले येऊन गेले.

एक जोडपं. नवरा दाढीवाला, बायकोच्या हातात टेप. श्यामकांत म्हणाला, ऑफिसच्या ओळखीचे आहेत, सहज आलेत. सहज येणारा माणूस दुसऱ्याच्या बाथरूमचा नळ सोडून बघत नाही. मी काय ते ओळखलं. खंडेरावांची माणसं कुठे राहतात, कशी राहतात, हे दाखवणार असतील फिल्ममध्ये. बायको खिडक्या मोजत होती. कॅमेरा लावायला उजेड लागतो.

मी त्यांना सोफ्यावर बसवून चौकाची सगळी हकीकत सांगितली. दाढीवाला म्हणाला, वाह, माताजी. मग म्हणाला, किचन का मुँह किस तरफ़ है? मी म्हटलं, पूरब. बायको खूश झाली. पार्किंगचं विचारलं. बरोबर आहे, कॅमेऱ्याची गाडी लागते.

वृंदाने त्यांना बदामाचं सरबत दिलं. मला ताक.

२४ ऑगस्ट, रविवार

सोसायटीच्या मधल्या चौकात कारंजं बसवतायत. आठ दिवस गॅलरीतून बघतेय, कठड्याची एक बाजू वर, एक खाली. आज राहवलं नाही, खाली गेले. ठेकेदाराला म्हटलं, भैया, ये टेढ़ा है. तो म्हणाला, माताजी, ढलान है, पानी जाएगा. मी म्हटलं, चौक बांधणं आमच्या रक्तात आहे, मला शिकवू नको. त्याला मराठी कळलं नाही, पण ऐकून घेतलं.

तासभर उभी होते. कुणीतरी लक्ष ठेवावं लागतं.

(पाणी गेलं. पण ते नशीब.)

३० ऑगस्ट, शनिवार

घरात गणपती. दिल्लीतली मराठी माणसं वर्षभर हिंदीत भांडतात आणि दहा दिवस मराठीत आरती म्हणतात. आलेल्या प्रत्येकाला खंडेराव दाखवले. अपूर्वाकडून तेवढाच तुकडा माझ्या मोबाइलमध्ये घेतलाय. बोट वर होतं आणि संपतो. पुन्हा लावला की पुन्हा बोट वर.

अपूर्वाने आणखी एक बातमी दिली. पाच ऑक्टोबरला कोपर्निकस मार्गावरच्या आपल्या राज्याच्या जुन्या सदनात ती अख्खी फिल्म पडद्यावर दाखवणार. दिल्लीतली सगळी मराठी मंडळी येणार. पेटी वाजवायला एक जण बसणार, कारण मुक्या सिनेमाला पूर्वी समोर बसून वाजवायचे. आणि म्हणाली, आजी, तू पण दोन शब्द बोलशील का?

बोलेन म्हटलं. ती म्हणाली, पण त्याआधी पूर्ण फिल्म बघून घे. मी म्हटलं, पडद्यावरच बघेन, सगळ्यांबरोबर. वरमाई आधी जेवून येत नाही.

आता पुण्याचा बंदोबस्त झाला. भाषणाच्या शेवटी सगळ्यांसमोर सांगणार, बोराटे दिल्ली सोडून कुठेही जात नाहीत. श्यामकांत पहिल्या रांगेत असेल. चारचौघांत आईचं म्हणणं खोडायची त्याची छाती नाही. तेवढी त्याच्या बापाचीही नव्हती.

१४ सप्टेंबर, रविवार

पितृपक्ष. ह्यांची तिथी. खंडेरावांची तिथी कुणाला माहीत नाही, म्हणून त्यांचंही पान आजच वाढलं.

फिल्ममधला फोटो अपूर्वाकडून काढून घेतला, मोठा करून फ्रेम केला, ह्यांच्या शेजारी लावला, हार घातला. इतकी वर्षं भिंतीवर एकटेच होते, सोबत झाली. वृंदा म्हणाली, आई, आता भिंतीला नवीन खिळे नको होते हो. का नको? भिंत कुणाची?

गॅलरीत घास ठेवला. कावळा आला नाही. कबुतर आलं. चौदाव्या मजल्यावर कावळा कशाला येईल. मी म्हटलं, कबुतर तर कबुतर, दिल्लीतलं आहे ना.

वृंदाने पडदे धुवायला काढले. परत लावले नाहीत. लोणच्याच्या मोठ्या बरण्या कामवालीला देऊन टाकल्या. दिवाळीची साफसफाई एवढ्या लवकर करणारी बाई मी पहिल्यांदा बघितली. तारीफ केली तिची. तिने माझ्याकडे कसंसंच बघितलं. तारिफेची सवय नाही तिला.

२० सप्टेंबर, शनिवार

ते टेपवालं जोडपं परत आलं. या वेळी तिचे आईवडील पण. फिल्ममध्ये माणसं लागतात.

म्हातारी माझ्या खोलीत शिरली, माझ्या पलंगापाशी उभी राहून म्हणाली, यहाँ मंदिर अच्छा लगेगा. मी म्हटलं, मंदिर उधर है. ती हसली. साधी बाई आहे.

श्यामकांत संध्याकाळी माझ्या शेजारी येऊन बसला. आई, मला तुला एक सांगायचंय. मी म्हटलं, आधी माळ्यावरून चांदीचं ताम्हन काढून दे. खंडेराव पडद्यावर आले की औक्षण करणार आहे मी. घरचा कर्ता पुरुष शंभर वर्षांनी परत येतोय, हात जोडून बघत बसू? तो म्हणाला, आई, पडद्याला ओवाळतात का? मी म्हटलं, फोटोला हार घालतात ना?

ताम्हन काढून दिलं. सांगायचं ते विसरला. रिटायरमेंट जवळ आली की डोकं असंच होतं.

३० सप्टेंबर, मंगळवार

श्यामकांत रिटायर झाला. ऑफिसने शाल दिली. मी म्हटलं, खरी शाल पाच तारखेला.

भाषण पाठ करतेय. दोन मिनिटांचं ठरवलं होतं, पंधरा मिनिटांचं झालं. काटछाट केली, सतरा झालं.

४ ऑक्टोबर, शनिवार

हिरवं इरकल काढून ठेवलं. भानुमतीला बोलावलं, ती नवऱ्याला घेऊन येणार. चंद्रप्रभाला गाडी पाठवतोय. तिने फोनवर पुन्हा विचारलं, वहिनी, खरंच औक्षण करणार? मी म्हटलं, तुला ताम्हनाला हात लावू देईन, काळजी करू नको. ती म्हणाली, तसं नाही हो वहिनी. तसंच होतं.

उद्या निरांजन, सुपारी, अक्षता, हळदकुंकू. भाषण. बोराटे कुठेही जात नाहीत. बस.

६ ऑक्टोबर, सोमवार

काल लिहिलं नाही. हात दुखत होता.

लिहायचं नव्हतंच. पण डोक्यात राहिलं तर सडेल.

हॉल भरला होता. मी पहिल्या रांगेत. दारावरचा माणूस म्हणाला, आजी, आत दिवा लावता येणार नाही. नियम आहे म्हणाला. मी त्याला दोन शब्द ऐकवले आणि निरांजन न पेटवता सुपारीने ओवाळायचं ठरवलं. देवाला चालतं.

अंधार झाला. पेटी सुरू झाली. दगड, बैलगाड्या, टोपल्या, बायका. आणि खंडेराव. पडद्यावर केवढे तरी. बोट वर. मी उठले. ताम्हन घेतलं, पडद्यापाशी गेले, सुपारी फिरवली, अक्षता टाकल्या. मागे टाळ्या पडल्या. कुणी तरी म्हणालं, वा आजी. तोपर्यंत सगळं ठीक होतं.

मग डावीकडून एक शिपाई आला. काठीवाला. त्याने खंडेरावांचा दंड धरला आणि बाहेर काढलं.

टोपल्यावाल्या बायका चालतच राहिल्या. एकीनेही वळून बघितलं नाही. म्हणजे हुकूम कुणाला सोडत होते? कुणालाच नाही. बोट कॅमेऱ्याकडे होतं. शेजारच्या माणसाला दाखवत होते, तो बघ, तो बघ म्हणून.

मला वाटलं संपलं. नाही. पुढच्या चित्रात दगडी खांब उभा करत होते. कडेला खंडेराव. शिपाई आला. बाहेर. त्याच्या पुढच्या चित्रात खड्डा. खड्ड्याच्या काठावर वाकून बघतायत, कोण? शिपाई. बाहेर. एकदा तर शिपाई डावीकडून घालवतोय आणि हे उजवीकडून परत येतायत. आणि चालण्याची ती पळापळ. पेटीवाल्याला चेव आला, हे दिसले की तो काहीतरी टुणटुण वाजवायचा. लोक हसून हसून रडत होते. मी पडद्यापुढे ताम्हन घेऊन उभी. बसायला जावं तर पडद्यावर माझी सावली पडत होती, आणि लोक त्यालाही हसत होते.

दिवे लागले. अपूर्वा माइकवर आली. म्हणाली, बांधकामाच्या अशा जुन्या फिल्मांत हे बघे नेहमी दिसतात. काम करत नाहीत, हटत नाहीत. त्यांची नावं कधीच कुणाला कळत नाहीत. पण आज माझ्या आजीमुळे एका बघ्याचं नाव आपल्याला कळलंय. खंडेराव बोराटे.

टाळ्या. उठून. मी उभीच होते.

मी म्हटलं, हा आमचा नव्हे. मोठ्याने म्हटलं. पहिल्या रांगेतला एक जण म्हणाला, अहो आजी, शेमला डावीकडे आहे की. तुम्हीच तर सांगितलंत गणपतीत. भानुमती म्हणाली, आंटीजी, वही हैं, बिल्कुल वही हैं. दोन महिने मी घरोघर पटवून दिलं, आता एकटीने खोटं कसं पाडणार.

मग श्यामकांतला बोलावलं दोन शब्दांना. त्याने माइक धरला, माझ्याकडे बघितलं नाही. म्हणाला, बरं झालं, या निमित्ताने सगळे एकत्र भेटलात. दिवाळीनंतर आम्ही पुण्याला जातोय, फ्लॅट विकला गेलाय, हा आमचा दिल्लीतला निरोपसमारंभच समजा.

सगळ्यांना माहीत होतं. सगळ्यांना. भानुमतीलासुद्धा. एकही माणूस दचकला नाही.

भाषण राहिलं.

७ ऑक्टोबर, मंगळवार

अबोला.

श्यामकांत दारात उभा राहून म्हणाला, आई, तुला किती वेळा सांगायचा प्रयत्न केला. खोटं. एकदाच. फार तर दोनदा. आणि सांगायचं तर धरून बसवून सांगायचं, तोंडात गूळ धरल्यासारखं नाही. सातवीत नापास झाला होता तेव्हा बरोबर सांगता आलं.

वृंदा म्हणाली, ते लोक घर बघायला आले तेव्हा तुम्ही इतक्या उत्साहाने बोलत होतात, तोडावंसं वाटेना. म्हणजे मी माझ्या तोंडाने घर विकायला मदत केली. पूरब म्हणाले मी. स्वयंपाकघर पूर्वेला आहे म्हणून घेतलं त्यांनी. आणि त्या म्हातारीने माझ्याच पलंगावर देव बसवले, माझ्यासमोर.

ताक पण नको म्हटलं.

८ ऑक्टोबर, बुधवार

चंद्रप्रभाचा फोन. उचलणार नव्हते. उचलला.

म्हणाली, वहिनी, मनाला लावून घेऊ नका. मी म्हटलं, तुला माहीत होतं. ती म्हणाली, हो.

लग्नानंतर पहिल्याच आठवड्यात दिराने तिला सांगितलं होतं. आजोबा कामाच्या शोधात दिल्लीत आले. चौकाचं काम चालू होतं. रोज सकाळी जाऊन उभे राहायचे, कुणी तरी बोलावेल म्हणून. कुणी बोलावलं नाही. मग काम संपलं. मग एका साहेबाच्या बंगल्यावर स्वयंपाकाला लागले, तिथेच म्हातारे झाले.

मी म्हटलं, पन्नास वर्षं तोंड शिवून बसलीस? ती म्हणाली, काय सांगू वहिनी, तुम्ही इतकं छान सांगायच्या. मलाच खरं वाटायला लागलं होतं.

एकाच आईचे दोघे भाऊ. एकाने बायकोला आठवड्यात खरं सांगितलं. दुसऱ्याने मला दर सव्वीस जानेवारीला त्या चौकात नेलं, भुईमुगाच्या शेंगा घेऊन दिल्या आणि नेहमी समोरच्या फुटपाथवरून दाखवलं. मी म्हणायचे, जवळ जाऊ या की. हे म्हणायचे, लांबूनच चांगला दिसतो.

मेल्या माणसाशी भांडता येत नाही. ह्यांच्या फोटोपुढची उदबत्ती बंद केली.

संध्याकाळी लावली. वृंदाने विचारलं असतं.

१२ ऑक्टोबर, रविवार

योजना तयार. ज्यांना जायचंय त्यांनी जावं. मी अपूर्वाकडे मुनिरक्याला राहणार. खोली लहान आहे, पण मी कुठे पसरते? तिलाही घरचं जेवण मिळेल. फोन करून बोलावलं, सांगितलं.

ती खाली बघायला लागली. म्हणाली, आजी, मी जानेवारीत शिकायला परदेशी चाललेय. दोन वर्षांसाठी. त्या फिल्मवरच्या कामामुळेच मिळालं. खंडेरावांमुळे, खरं तर.

वा. सगळ्या खानदानात खंडेरावांमुळे कुणाला काही मिळालं असेल तर हिला.

मी म्हटलं, तू मला आधी पुढचं दाखवायला हवं होतंस. ती म्हणाली, आजी, प्रत्येक वेळी म्हटलं बघ म्हणून. मी म्हटलं, म्हटलंस. दाखवलं नाहीस. ती माझ्या गळ्यात पडून रडली. मी म्हटलं, इरकलाला डाग पडतील. इरकल नेसले नव्हते, पण असं काहीतरी म्हणावं लागतं.

१५ ऑक्टोबर, बुधवार

चंद्रप्रभा म्हणाली, वहिनी, माझ्याकडे राहा. दोघी एकट्याच तर आहोत.

विचार केला. रोज सकाळी चहाबरोबर तिचं ते समजूतदार तोंड.

त्यापेक्षा पुणं बरं.

२१ ऑक्टोबर, मंगळवार

लक्ष्मीपूजन. लक्ष्मी येऊन खोके बघून गेली असेल.

वृंदाने विचारलं, आई, खंडेरावांच्या फोटोचं काय करायचं? माझ्या मनात होतं, इथेच खिळ्यावर सोडावा, त्या टेपवालीला. पण टाकता येत नाही. पितृपक्षात पान वाढलंय त्याला. जेवू घातलेला माणूस वाऱ्यावर सोडत नाहीत.

म्हटलं, गुंडाळ माझ्या लुगड्यांत.

निश्चय: पुण्यात कुणाला काही सांगायचं नाही. विचारलं तरी नाही.

२६ ऑक्टोबर, रविवार. सकाळ

ट्रक काल गेला. श्यामकांत आणि वृंदा बॅगा घेऊन खाली उतरले. मी लिफ्टपाशी.

भानुमती निरोप द्यायला बाहेर आली. डब्यात इडल्या दिल्या, ट्रेनमध्ये खायला. मी तिला सांगितलं, दिल्लीत आता राहिलंय काय, हवा खराब, आणि मुलगा ऐकतच नाही, पुण्याला चल म्हणून हट्ट धरून बसलाय. तिने मान हलवली. माझं सगळं ऐकताना ती अशीच मान हलवत आलीय, हे आज लक्षात आलं.

मग म्हणाली, आंटीजी, उस दिन पूछना रह गया. पिक्चर में आपके दादाजी इतने प्यारे थे. वो असल में करते क्या थे?

पंधरा मिनिटांचं भाषण पाठ होतं. अजून आहे.

मी म्हटलं, देखते थे.